परीस कशाचा केला?

अमेस्ट्रिस या देशात सोनं करायला कायद्याने मनाई आहे. ते कोणाला जमत नाही म्हणून नव्हे. तिथला किमयागार खडूने जमिनीवर वर्तुळ आखतो, त्यावर हात टेकतो आणि मोडका रेडिओ धड करतो, भुईतून भिंत उभी करतो. मनात आणलं तर खाणीबाहेर टाकलेल्या दगडमातीच्या सोन्याच्या विटाही करतो. इतकं सहज जमतं, म्हणूनच मनाई.

देश अर्थातच नकाशावर नाही. होक्काइडोतल्या दूधदुभत्याच्या धंद्यात असलेल्या शेतकरी घरात वाढलेल्या हिरोमू अराकावा यांनी 'फुलमेटल अल्केमिस्ट' ही चित्रकथा 2001 ते 2010 या काळात एका जपानी मासिकात क्रमशः रेखाटली. पुढे तिचे 27 खंड झाले, तिच्यावर दोन वेगवेगळ्या अ‍ॅनिमे मालिका निघाल्या. पुण्या-मुंबईतल्या पंचविशीतल्या पोरांना ती तोंडपाठ असते आणि त्यांच्या आईवडिलांना ते 'कार्टून' वाटतं. कथेचा पाया एकाच नियमावर उभा आहे: सममूल्य विनिमय. काही मिळवायचं असेल तर तेवढ्याच मोलाचं काही द्यावं लागतं. राबल्याशिवाय ताटात अन्न पडत नाही, हे आईवडिलांच्या शेतावर पाहिलं आणि त्यातून हा नियम सुचला, असं लेखिकेने सांगितलेलं आहे.

या देशात किमयेचा कारभार लष्कर पाहतं. परीक्षा पास झालेल्याला 'राज्य किमयागार' ही सनद मिळते, सोबत राजचिन्ह कोरलेलं चांदीचं खिशातलं घड्याळ, मेजरच्या तोडीचा हुद्दा, संशोधनाला भरपूर पैसा आणि सामान्यांना बंद असलेली ग्रंथालयं. बदल्यात तीन अटी. सोनं करायचं नाही. माणूस करायचा नाही. लष्कराशी इमान राखायचं. शिवाय दरवर्षी मूल्यमापन. त्यात काही नवं दाखवता आलं नाही तर सनद गेली.

अटींचा क्रम बाजूला ठेवून त्यांची जात पाहिली तर एक गोष्ट लगेच डोळ्यांत भरते. पहिली अट तिजोरीची, तिसरी सत्तेची. नीतीची म्हणावी अशी मधली एकच, आणि कथा पुढे सरकते तसं कळतं की तीही नीतीची नव्हती. चमत्कारी द्रव्यावर सत्ता बसवायची तर सत्तेने तपासायचं काय? द्रव्य अस्सल आहे का, ते कोणाच्या हातात आहे, की ते कशातून आलं? पहिले दोन प्रश्न राजांनी, पोपांनी, अमात्यांनी शतकानुशतकं कसून विचारले. तिसऱ्याला मात्र बहुतेकांनी बगल दिली.

शाऊ टकर या राज्य किमयागाराचं प्रकरण इथे जवळून पाहण्यासारखं आहे. भिन्न प्राणी एकत्र जोडून नवा जीव घडवणं हे त्याचं क्षेत्र. दोन वर्षांपूर्वी त्याने बोलता येणारा संकर-प्राणी सादर केला आणि त्यावर त्याला सनद मिळाली. तो प्राणी एकच वाक्य बोलला, मरायचंय मला. मग अन्न सोडून मेला. परीक्षकांनी टिपून घेतलं ते एवढंच की प्राणी बोलतो. त्यानंतर टकरला काही जमलं नाही. एक मूल्यमापन हातचं गेलं, दुसरं तोंडावर आलं. घरात चार-पाच वर्षांची मुलगी नीना आणि अलेक्झांडर नावाचा भला थोरला कुत्रा. बायको दोन वर्षांपूर्वी सोडून गेली, असं तो सांगतो.

मग एके दिवशी तो नवा बोलणारा प्राणी दाखवतो. पंधरा वर्षांचा नायक एडवर्ड त्याच्यासमोर बसतो. प्राणी त्याचं नाव अडखळत उच्चारतो आणि मग त्याला दादा म्हणून हाक मारतो. नीना त्याला तशीच हाक मारायची. एडवर्ड मागे वळूनही न बघता विचारतो: सनद कधी मिळाली? दोन वर्षांपूर्वी. बायको कधी गेली? दोन वर्षांपूर्वी. नीना आणि अलेक्झांडर कुठे आहेत?

टकर राक्षस आहे, असं म्हणून प्रकरण मिटवता येत नाही. तो नोकरी टिकवणारा माणूस आहे. कार्यालयाने त्याच्याकडे निकाल मागितला, त्याने निकाल दिला. बोलणारा जीव कोणत्या मालातून घडला, असा रकाना त्या अर्जात असता तर पहिल्याच वर्षी, बायकोच्या वेळीच, तो पकडला गेला असता. रकाना नव्हता, म्हणून त्या कार्यालयाच्या लेखी टकर हा यशस्वी अर्जदार होता. सनदेने गुन्हा नुसता झाकला नाही. दरवर्षीच्या तारखेसकट तो मागून घेतला.

खऱ्या इतिहासातली किमयेवरची बंदी याहून वेगळी होती का? इंग्लंडच्या चौथ्या हेन्रीच्या काळात, 1404 साली, सोनं-चांदी 'वाढवण्याची' विद्या वापरणं हा महापराध ठरवणारा छोटासा कायदा झाला. कारण सरळ होतं: किमयागाराच्या मुशीतून सोनं येऊ लागलं तर राजाच्या नाण्याला कोण विचारतो. त्याच गादीवरचा सहावा हेन्री फ्रान्सशी चाललेल्या लढायांनी आणि कर्जांनी पिचला, तेव्हा त्याने त्याच विद्येचे परवाने वाटायला सुरुवात केली. 1456 साली त्याच्या स्वतःच्या वैद्यासह काही जणांना परीस आणि संजीवनी शोधायची मुभा मिळाली. कायदा तसाच राहिला, फक्त राजाच्या माणसांना तो लागू नव्हता. पुढे रॉबर्ट बॉइलच्या खटपटीने 1689 साली तो रद्द झाला तेव्हाही अट घातली गेली की अशा मार्गाने काढलेलं सोनं लंडनच्या टॉवरमधल्या टांकसाळीत जमा व्हावं. सात वर्षांनी त्या टांकसाळीवर अधिकारी म्हणून आला आयझॅक न्यूटन, खोटी नाणी पाडणाऱ्यांचा कर्दनकाळ. त्याच्या घरच्या कागदांत किमयेवरचा मजकूर काही लाख शब्दांचा होता. एकाच माणसात रखवालदार आणि चोरवाट शोधणारा एकत्र नांदत होते, आणि त्यात त्याला विसंगती दिसली नसावी.

चर्चने तरी वेगळं काही विचारलं का? पोप बाविसावा जॉन याने 1317 साली किमयागारांविरुद्ध फर्मान काढलं. जेवढं खोटं सोनं खपवलं असेल तेवढंच खरं सोनं दंड म्हणून भरावं आणि ते गरिबांसाठी जावं, असा त्याचा आशय. अमेस्ट्रिसच्या कोणत्याही नागरिकाला हे ओळखीचं वाटेल. सममूल्य विनिमयच हा. पण दंड फसवणुकीचा, करण्याचा नव्हे. त्याआधी टॉमस अ‍ॅक्वायनसने हा मुद्दा अधिक धारदारपणे मांडला होता. किमयेचं सोनं खऱ्यासारखं दिसत असलं तरी त्यात खऱ्या सोन्याचे गुण नाहीत, माणसाला उल्हसित करण्याचा आणि काही आजारांवर औषध म्हणून चालण्याचा गुणही नाही, म्हणून ते खरं सांगून विकणं ही लबाडी. (सुवर्णभस्म घेणाऱ्या मराठी वाचकाला हा युक्तिवाद परका वाटू नये.) परंतु किमयेतून खरोखरच खरं सोनं निघालं तर? मग ते खरं म्हणून विकण्यात पाप नाही, असं तो स्वच्छ म्हणतो. नैसर्गिक कारणं वापरून नैसर्गिक वस्तू घडवायला कलेला आडकाठी नाही. आणि याला जोड म्हणून तो ऑगस्टीनचा दाखला देतो, सैतानांच्या कलेने घडणाऱ्या गोष्टींबद्दलचा! म्हणजे द्रव्य अस्सल असलं की ते कोणाच्या हातून आलं हा प्रश्न बाजारापुरता संपला. युक्तिवाद म्हणून तो निर्दोष आहे. टकरच्या परीक्षकांनी तो आनंदाने भिंतीवर लावला असता.

आपल्याकडचं जुनं राजशास्त्र यात कुणाच्या मागे नाही. मुंबई विद्यापीठासाठी र. पं. कंगले यांनी कौटिल्याच्या 'अर्थशास्त्रा'ची चिकित्सित आवृत्ती सिद्ध केली, तिचा पहिला भाग 1960 साली निघाला. त्यातल्या दुसऱ्या अधिकरणात सुवर्णाध्यक्षाचं खातं आहे. सोन्याचं काम चालतं ती अक्षशाला चार खोल्यांची, दार एकच. नेमणूक नसलेल्याने आत पाऊल टाकलं तर त्याची धडगत नाही. कारागिरांची येताना-जाताना झडती: वस्त्रं, हात, गुह्य अवयवसुद्धा. हत्यारं आतच राहायची. आणि या खात्याच्या दप्तरात सोन्याच्या उगमाचे प्रकार नोंदताना नैसर्गिक आणि खाणीतून काढलेलं यांच्या बरोबरीने 'रसविद्ध' हाही प्रकार येतो, म्हणजे पाऱ्याच्या योगाने वेधून केलेलं. किमयेच्या सोन्याला इथे कोणी दचकत नाही. त्याला एक नोंद आहे, कसोटी आहे, संपलं.

हेच पुस्तक चौथ्या अधिकरणात गुप्तपणे पोट भरणाऱ्यांमागे हेर लावतं. हेराने संशयित मांत्रिकाकडे जायचं, अमक्याच्या बायकोवर माझं मन बसलंय, तिला वश करून दे, हे घे पैसे, असं म्हणायचं. तो कबूल झाला की त्याला हद्दपार करायचं. इथवर ठीक. पाचव्या अधिकरणात मात्र रिकामी तिजोरी भरण्याचे उपाय आहेत: रातोरात एखादं देवस्थान उभं करावं, जत्रा भरवावी, विहिरीत अनेक फण्यांचा नाग दाखवून पैसे घ्यावेत. आणि चौदावं अधिकरण तर शत्रूवर चालवायच्या औषधी-मंत्रांच्या कृतींचंच आहे. प्रजेने केला तर जादूटोणा, राजाने केला तर उपाय. कौटिल्याला ढोंगी म्हणण्यात अर्थ नाही, कारण तो काहीच लपवत नाही. त्याच्यापुढे प्रश्न एकच आहे: ताबा कोणाचा?

अमेस्ट्रिसचं लष्कर लपवतं. त्याची कहाणी टिम मार्को या डॉक्टरच्या वह्यांतून उलगडते. मार्कोने लष्करासाठी परीस तयार केला. एका वंशाच्या संहारात तो वापरला गेला. अपराधाने पोखरलेला मार्को पळून खेड्यात दडतो, पण संशोधन जाळत नाही. मध्यवर्ती ग्रंथालयात ते पाककृतींच्या पुस्तकाच्या रूपात ठेवतो: रोजच्या जेवणाचे हजार प्रकार. ग्रंथालय जळतं, पण वाचलेलं अक्षरही न विसरणारी एक माजी नोकर ते पुस्तक आठवणीतून लिहून काढते. एडवर्ड आणि त्याचा भाऊ दिवसामागून दिवस त्या आमट्या-भाज्यांची सांकेतिक भाषा सोडवत बसतात आणि शेवटी पोहोचतात एका ओळीच्या पाककृतीपर्यंत. परिसाचं साहित्य: जिवंत माणसं. कागदोपत्री बंद असलेली पाचवी प्रयोगशाळा तुरुंगाला लागून का बांधली, ते तेव्हा कळतं. माणूस घडवायला मनाई करणाऱ्या संस्थेने माणूस हा कच्चा माल म्हणून वापरायला कधीच मनाई केली नव्हती.

इथे सममूल्य विनिमयाच्या तत्त्वाचीही परीक्षा होते, आणि ते उणं ठरतं. समान मोल द्यावं लागतं हे खरं. पण कोणी द्यायचं, हे ते तत्त्व सांगत नाही. परीस म्हणजे दुसऱ्याने भरलेली किंमत खिशात घेऊन फिरणं. म्हणून तो हातात असणाऱ्याला नियमाच्या वर असल्यासारखं वाटतं.

भारतीय रसशास्त्राने या अडचणीवर एक निराळा तोडगा काढला होता. चौदाव्या शतकात माधवाचार्यांनी 'सर्वदर्शनसंग्रहा'त रसेश्वर दर्शनाला स्वतंत्र प्रकरण दिलं. त्यात पारा हे मोक्षाचं साधन आहे: देह स्थिर केला तर याच देहात मुक्ती. सोनं हे ध्येय नव्हेच, ती चाचणी. रस आधी धातूवर चालवून पाहायचा, उतरला तर देहावर. म्हणजे किंमत शेवटी करणाऱ्याच्याच अंगावर. चुकलेला पारा दुसऱ्याला नव्हे, साधकाला मारतो. परवाना राजाचा नव्हे, गुरूचा. आणि ग्रंथ शिष्याच्या पात्रतेबद्दल पानंच्या पानं खर्ची घालतात, द्रव्याच्या मालकीबद्दल नाही. यात गुप्ततेचा आणि मक्तेदारीचा दोष आहेच. पण टकरला या दारातून आत घेतलं नसतं.

मराठी मनाला परीस म्हटल्यावर वेगळीच गोष्ट आठवते. महिपतींनी 1762 साली पूर्ण केलेल्या 'भक्तविजया'त ती आहे. परिसा भागवताला रुक्मिणीच्या कृपेने परीस लाभलेला. त्याची बायको कमळजा तो नामदेवांच्या राजाईला देते, कारण राजाईच्या घरात खायला नाही. चूल पेटते. नामदेव घरी येतात, हकीकत कळते, आणि ते परीस चंद्रभागेत टाकून देतात. परिसा भागवत भडकतो. नामदेव नदीत हात घालून ओंजळभर खडे काढतात, घे तुझा ओळखून. सगळेच परीस. तो शरण येतो.

कीर्तनात ही गोष्ट वैराग्याचा विजय म्हणून सांगितली जाते. तिच्यात दोन माणसं मात्र अनुत्तरित राहतात. परिसा भागवताची तक्रार कायद्याने बरोबर होती: वस्तू त्याची, फेकली दुसऱ्याने. आणि राजाईने दुसऱ्या दिवशी चुलीवर काय ठेवलं, ते कोणी सांगत नाही. नामदेवांनी परिसाचं मोल मोडलं, ताब्याचा प्रश्नच निकालात काढला. संताला ते शोभतं. पण वैराग्याची किंमतही त्या घरात राजाईने भरली, हे कीर्तनकाराने एकदा तरी म्हणावं.

सरकारला वैराग्याचा मार्ग मोकळा नाही, त्याला कलमं लिहावी लागतात. आपल्या प्रजासत्ताकाने हे काम 1954 सालीच हाती घेतलं. औषधे व जादूचे उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) अधिनियम या कायद्यात ताईत, मंत्र, कवच यांची व्याख्या चक्क 'जादूचा उपाय' म्हणून केली आहे. कल्पित किमया मंडळाला शोभावी अशी ही भाषा खऱ्या राजपत्रातली आहे. मात्र कायदा ताईत करायला बंदी करत नाही, तो चालतो की नाही यावरही बोलत नाही. ठरावीक आजार त्याने बरे होतील अशी जाहिरात केली तर पहिल्या वेळी सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दंड, किंवा दोन्ही. पकडला जातो तो दावा. अ‍ॅक्वायनसच्या वळणाचाच हा विचार: लबाडी ती विक्रीत.

महाराष्ट्राचा कायदा एक पाऊल पुढे गेला. अंधश्रद्धा निर्मूलनासाठी झटणारे नरेंद्र दाभोलकर यांचा 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात खून झाला आणि त्यानंतर काही दिवसांतच वटहुकूम निघाला. डिसेंबरात कायदा झाला. लोक त्याला जादूटोणाविरोधी कायदा म्हणतात, पण अधिकृत नावात सुरुवातीलाच 'नरबळी' आहे. गुप्तधन मिळावं म्हणून माणसाचा जीव घेण्याचे प्रकार या राज्याला परके नव्हते, आणि पाचव्या प्रयोगशाळेच्या भिंतीआड जे चालतं ते याहून फार वेगळं नाही. जाहीर दाव्याच्या मागे जाऊन, हे कशातून करणार आहेस, असं इथे कायद्याने विचारलं. मृत संतांचे चमत्कार सांगायला त्याच कायद्यात मोकळीक आहे, त्यामुळे नामदेवांची गोष्ट कीर्तनकाराने खुशाल सांगावी. परीस म्हणून खडा विकला तर मात्र पोलीस येतील. अलौकिक शक्तीच्या यंत्रांची दूरचित्रवाणीवरची जाहिरातबाजी याच कायद्याखाली बेकायदा असल्याचं मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने जानेवारी 2021 मध्ये सांगितलं.

तरीही एक जागा उघडी राहतेच: जीव माणसाचा नसेल तेव्हा. 'पैशांचा पाऊस' पाडून घ्यायला मांडूळ साप लाखोंच्या बोलीवर विकताना धरल्याच्या बातम्या महाराष्ट्रात येत राहतात. त्याहून बोलकं उदाहरण हत्था जोडीचं. जोडलेल्या दोन हातांसारखी दिसणारी, बोटाएवढी, तपकिरी, सुकलेली वस्तू. शेंदूर-लवंगांसह डबीत घालून तिजोरीत ठेवली की लक्ष्मी टिकते, म्हणे. विकणारा तिला दुर्मीळ झाडाची मुळी म्हणतो. 2017 साली संशोधकांनी बाजारातले नमुने तपासून जाहीर केलं की ती मुळी नाही. ते घोरपडीच्या नराचं वाळवलेलं जननेंद्रिय आहे. घेणाऱ्यांत शाकाहारी, सोवळं पाळणारी घरंही असणार. देव्हाऱ्याशेजारी ते काय पुजतात, हे त्यांना कोणी सांगितलेलं नाही. गिऱ्हाईक विचारतं ते दोनच प्रश्न: अस्सल आहे ना, आणि गुण येतो ना?

अराकावांचा एडवर्ड शेवटी भावाला परत मिळवण्यासाठी परीस नाकारतो आणि स्वतःची किमयाच देऊन टाकतो. किंमत स्वतःच्या खात्यातून. वाचकावर एवढी वेळ नाही. घोरपड वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, तिच्या अवयवांच्या व्यापाराला तीन ते सात वर्षांची कैद आहे. पूजासाहित्याच्या दुकानात किंवा मोबाइलवर कोणी हत्था जोडी दाखवली तर ती कशाची आहे ते मोठ्याने विचारावं, आणि महाराष्ट्र वन विभागाच्या 1926 या क्रमांकावर कळवावं.